निकालाची एकोणीस पानं

परीक्षा खात्यात सगळे त्याला ‘लेखी’ म्हणत. कुणी काही सांगायला आलं की हा मान वर न करता म्हणे, "तोंडी नको, लेखी द्या." शिपायाला रजा हवी तरी अर्ज, पंखा बंद पडला तरी अर्ज. एकदा कपाटामागे उंदीर निघाला, तर यानं आधी कागद मागितला. माणूस इतका सरळ की दुसऱ्याच्या डोक्याला ताप.

अशा माणसाच्या ताब्यातल्या खोलीत प्रश्नपत्रिकेच्या पाकिटाचं सील फुटलेलं सापडलं. परीक्षा रद्द झाली. नेमका त्याचा भाचा, थोरल्या ताईचा मुलगाही तिला बसला होता. मग काय, लोकांना आयतंच निमित्त मिळालं: मामानंच फोडलं भाच्यासाठी! खात्यानं चौकशी उरकली आणि याला बडतर्फ केलं. भाच्याची ती शेवटची संधी होती. नंतर त्याचं वय उलटलं. ज्या ताईनं आईच्या मागे याला लहानाचा मोठा केला, तिनं बोलणं टाकलं.

यानंही तोंड उघडलं नाही. तोंडी सांगून कोण ऐकतं, आता कोर्टाचा कागदच ताईपुढे ठेवायचा, असं ठरवून बसला आणि त्यात नऊ वर्षं गेली. भाड्याच्या एका खोलीत लोकांचं टायपिंग करायचं, एकट्यापुरतं शिजवायचं, एकट्यानं जेवायचं. थाप ऐकू आली तर ती शेजारच्या दारावरची असणार, हे त्याला उठून न बघताच कळू लागलं होतं. कोर्टाच्या तारखेचीसुद्धा तो वाट बघे. तिथे निदान कुणीतरी त्याचं नाव पुकारायचं. फार एकटा पडला होता बिचारा, पण हट्ट काही सुटत नव्हता.

शेवटी निकाल लागला. वकीलसाहेब खुशीत होते. "जिंकलात! साक्षीदारांना प्रश्न विचारायची संधीच तुम्हाला दिली नव्हती, म्हणून बडतर्फी रद्द."

तिथेच पायरीवर बसून त्यानं एकोणीस पानं वाचली. परत पहिल्यापासून वाचली.

"साहेब, सील मी फोडलं नाही, हे कुठे लिहिलंय?"

"अहो, त्यात कोर्ट पडत नाही. चौकशी नियमानं झाली का, एवढंच ते बघतं. नोकरी मिळाली ना परत?"

नोकरी मिळाली होती. तरी त्याला रडूच आलं.

संध्याकाळी तो ताईच्या दारात उभा राहिला आणि कागद पुढे केला. तिनं त्याला आत घेतलं, चष्मा लावून पहिलं पान वाचलं, शेवटचं वाचलं.

"तू केलं नाहीस, असं कुठेय यात?"

"नाही लिहिलेलं."

"मग तू सांग. केलंस का?"

"नाही गं ताई. नाही केलं."

ताई चष्मा काढून पदरानं पुसत म्हणाली, "वर्षभर वाट बघितली मी, तू येऊन एवढं म्हणशील म्हणून. मग बघायची सोडली."