दादाच्या खाटेवरचे प्लेऑफ

मी घाटंजी सोडलं तेव्हा कपाशीला पात्या लागल्या होत्या. नागपूरच्या एसटीच्या खिडकीखाली आई, बाबा आणि शेजारची चार माणसं उभी होती. आई एकच वाक्य पुन्हा पुन्हा सांगत होती, "पोटभर जेवत जाय, बबे. रडू आलं तर फोन करजो, पन रडतच नोको राहू." बाबा आधी नुसतं "जयभीम" म्हणाले. गाडी सुरू झाल्यावर मात्र खिडकीचा गज धरून म्हणाले, "गेली तर आता मांगं पाहू नोको." दादा माझी बॅग वर ठेवायला आत चढला होता. तो चालत्या गाडीतून उडी मारून उतरला आणि ओरडला, "तेथं गेल्यावर खरी मॅच पाहजो! स्टेडियमात बसून!"

खरी मॅच म्हणजे बास्केटबॉलची. आमच्या तालुक्याच्या गावाला हा खेळ कुठून आला हे मला आजही नीट सांगता येत नाही. शाळेच्या मैदानावर एक गंजलेली रिंग होती, जाळी नसलेली, आणि माझ्यापेक्षा पाच वर्षांनी मोठा, ताडमाड वाढलेला दादा होता. तो जिल्ह्याच्या संघातून खेळून आला आणि आमच्या घरात दुसरा विषयच उरला नाही. उन्हाळ्याच्या सुट्ट्यांत अमेरिकेतल्या मोठ्या लीगचे प्लेऑफ, म्हणजे बाद फेरीचे सामने, असत. तिथली संध्याकाळ म्हणजे आमची पहाट. स्टँडसमोरच्या चहाच्या हॉटेलात केबल होती. मालक भट्टी पेटवायचा तेव्हा आम्ही दोघं बाकावर जाऊन बसलेलो असायचो. दादा मला समजावून सांगायचा : दोन संघ एकमेकांशी सातपर्यंत सामने खेळतात, जो आधी चार जिंकतो तो पुढे जातो, जो हरतो तो घरी जातो. साधारण दिवसाआड एक सामना. आठ वाजले की ऊन तापायचं, भजी खाणारी माणसं यायची आणि मालक चॅनेल बदलायचा. उन्हाळ्यात आमच्याकडे जगण्यासारखे तेवढेच दोन-तीन तास असतात. ते आम्ही बास्केटबॉलला दिले.

अमेरिकेत ओहायोमध्ये गेले, शिकले, एका लॅबमध्ये नोकरीला लागले. घर मिळालं ते योगायोगानं स्टेडियमच्या जवळ, चार गल्ल्या सोडून. दादानं फोनवर लगेच जाहीर करून टाकलं, "तू रायते तेथची टीम म्हंजे आपली टीम." पण तुमच्यापैकी जे अमेरिकेत गेलेत त्यांना ही गंमत माहीत असेल. मी लीगचं ॲप घेतलं, वर्षभराचं सबस्क्रिप्शन भरलं, आणि आमच्याच शहराचा सामना लावला तर पडद्यावर पाटी आली : तुमच्या भागात हा सामना दिसणार नाही. स्थानिक सामने स्थानिक चॅनेलवर. प्लेऑफ तर या ॲपवर अमेरिकेत थेट दिसतच नाहीत. काही एका क्रीडा चॅनेलवर, काही एका स्ट्रीमिंगवर, काही आणखी तिसरीकडे, आणि काही छतावर अँटेना लावला तर फुकट. दादाला घाटंजीत त्याच ॲपवर सगळंच्या सगळं दिसायचं. घरातून मला स्टेडियमचे दिवे दिसायचे आणि सामना मात्र तो मला फोनवरून सांगायचा. आम्ही त्यावर खूप हसलो आहोत.

मग हसणं बंद झालं. दादा एका आश्रमशाळेत कंत्राटी क्रीडाशिक्षक होता. पाय सुजायचे, तो म्हणायचा उभं राहून राहून सुजतात. डोकं दुखायचं, तो म्हणायचा उन्हानं. बीपी किती वर्षांपासून वाढलेलं होतं कोणालाच कळलं नाही. कळलं तेव्हा दोन्ही किडन्या गेल्या होत्या. आठवड्यातून तीनदा यवतमाळला डायलिसिस सुरू झालं. अंधार असतानाच निघायचं, चार तास खाटेवर, दुपारच्या उन्हात परत. पाणी मोजून प्यायचं, तेही विदर्भाच्या उन्हाळ्यात. जो माणूस मैदानावर पोरांच्या पुढे पळायचा तो घराच्या पायरीवर दम खायला थांबू लागला.

घरातल्या कोणाची तरी किडनी बसवणं हाच उपाय होता. आईला साखर, वहिनीचा रक्तगट जुळत नव्हता. माझा जुळत होता. मी म्हटलं, मी देते. पण सगळ्या तपासण्या भारतात येऊनच करायच्या होत्या आणि माझा अमेरिकेतल्या कायमच्या वास्तव्याचा अर्ज अडकून पडला होता. प्रवासाची परवानगी येण्याआधी देश सोडला तर अर्ज सोडून दिला असं धरतात, मग परत येणं नाही, नोकरी नाही. तातडीची परवानगी मागितली. उत्तर येत नव्हतं. बाबा गेले तेव्हाही असंच झालं होतं. त्यांना मी फोनच्या पडद्यावर शेवटचं पाहिलं, आणि तेही नेटवर्क असेपर्यंत.

एप्रिलच्या मध्याला वहिनीचा फोन आला. रेखावहिनी कधी तक्रार करणारी बाई नाही. ती म्हणाली, "बबीताई, हे आज गेलेच नाहीत. म्हनते, जाऊन का होते? मी लय बोलली, आई रडल्या. तोंड भिंतीकडं करून झोपले." मी दादाला लावला. तो शांतपणे म्हणाला, "मशीन रक्त धुते अन् मी पडून रायतो. हे जगनं हाय का? माह्यासाठी रेखा शेतात जाऊन राह्यली, आई म्हातारी झाली. सोड न आता."

जीवनाचं महत्त्व वगैरे सांगायला मी कोण? मी हजारो मैलांवर सुरक्षित बसलेली. तोंडात आलं ते बोलले. "प्लेऑफ सुरू होऊन राह्यले, दादा. आपली टीम हाय त्यात. आपन दोघं सोबत पाहू. पन घरी नाही. फक्त डायलिसिसच्या खाटेवर."

तिकडे खाट करकरली, तो उठून बसला असावा. मग म्हणाला, "अन् मॅच अन् डायलिसिस एका दिवशी नाही आलं तर?"

"तर रिप्ले. तवरोक स्कोर कोनी पाह्याचा नाही. तूही नाही, मीही नाही."

"तुह्या घरासमोर तर फटाके फुटतीन."

"कानात कापूस घालते."

तो हसला. खूप दिवसांनी हसला. आणि सोमवारी डायलिसिसला गेला.

त्या दिवसांत मी कशी जगत होते ते मलाच आता खरं वाटत नाही. संध्याकाळी लॅबमधून पळत घरी यायचं, आज सामना कोणत्या चॅनेलवर आहे ते शोधायचं. एका स्ट्रीमिंगची ट्रायल संपली की दुसरीची घ्यायची. छतावर अँटेना लावून घेतला. तिकडे वहिनी दादाच्या छातीवर उशी ठेवून तिच्यावर सामन्याचा फोन टेकवायची आणि माझा कॉल लावलेला स्वतःचा फोन त्याच्या कानाशी ठेवायची, कारण डाव्या हाताला सुया असायच्या. वॉर्डमधला एक म्हातारा पेशंट विचारायचा, "कोन जितून राह्यलं?" त्याला नियम कळत नव्हते, पण तोही आमच्या टीमचा झाला.

एक अडचण मात्र होती. माझ्या अँटेनावर चित्र आधी यायचं, दादाच्या फोनवर अर्ध्या मिनिटानं. बॉल रिंगमध्ये गेलेला मला दिसायचा तेव्हा त्याच्याकडे अजून कोणीतरी बॉल टप्पे मारत आणत असायचं. मी ओठ दाबून बसायचे. तरी तो ओळखायचा. म्हणायचा, "तुह्या श्वासावरून समजते मले, गेला का नाही ते." मग मी महत्त्वाच्या वेळी फोन तोंडापासून लांब धरू लागले.

पहिली फेरी आम्ही जिंकलो. दुसऱ्या फेरीत मला जिंकण्या-हरण्याशी काही देणंघेणं उरलं नव्हतं. मला सामने हवे होते. सहा, सात, जितके होतील तितके. एक सामना म्हणजे दादाची यवतमाळची एक खेप. आमची टीम पुढे गेली की मी घाबरायचे, मालिका लवकर संपेल म्हणून. मागे पडली तर त्याहून घाबरायचे. ऑफिसातली माणसं जर्सी घालून यायची, मला विचारायची कोण जिंकेल, आणि मला त्यांच्यासमोर रडू यायचं. परवानगीचं उत्तर अजून नव्हतंच.

सहावा सामना. हरलो तर संपलं. शेवटच्या मिनिटाला एका गुणानं आम्ही मागे होतो. बॉल आमच्याकडे होता. दादा तिकडे खाटेवर अर्धा उठून बसला होता. नर्स त्याला झोपायला सांगत होती, तो ऐकत नव्हता. माझ्या पडद्यावर आमच्या पोरानं उडी घेतली, बॉल रिंगच्या कडेवर आदळला आणि बाहेर पडला. भोंगा वाजला. खाली रस्त्यावर सुतकासारखी शांतता झाली.

आणि कानात दादाचा आवाज, "टाइमआउट घेतला त्यायनं. आता पाह्यजो बबे, उजव्या बाजूनं जाईन हा. सगळ्यायले वाटते डाव्या बाजूनं जाईन. मी सांगून ठेवतो, उजव्या बाजूनं." त्याच्या आवाजात शाळेच्या मैदानावरचा दम होता. मी फोन लांब धरला, तोंडावर हात दाबला. ती तीसेक सेकंदं मी कशी काढली ते मला सांगता यायचं नाही. जगात त्या वेळी एकच जागा होती जिथं आम्ही अजून हरलो नव्हतो, आणि तिथं माझा भाऊ होता.

मग तिकडेही भोंगा वाजला. वहिनीनं फोन घेतला. "झालं का ताई?" तिनं विचारलं. मी "हाव" म्हटलं.

मी त्याला सांगितलं, बाकीच्या संघांचे सामने आहेत, फायनल आहे, आपण ती पाहू. तो म्हणाला, "पाहू न." पुढच्या डायलिसिसला तो गेला नाही. त्याच्या पुढच्यालाही नाही. मी फोन लावत राहिले, तो उचलत नव्हता. चौथ्या दिवशी मी सकाळी लॅबमध्ये पाऊल टाकते तोच वहिनीचा व्हिडिओ कॉल आला. पडद्यावर तिचा चेहरा नव्हता, नुसतं घराचं छत हलत होतं आणि दादाच्या श्वासाचा आवाज येत होता, पाण्यातून हवा ओढावी तसा. आई मागून ओरडत होती, "गाडी आनली का? गाडी आनली का कोनी?"

माझा अर्ज बघणाऱ्या वकीलबाईंना मी विमानतळावरून फोन केला. त्या म्हणाल्या, दोन आठवडे थांब, परवानगी येऊही शकते. मी म्हटलं, दोन आठवडे त्याच्याकडे नाहीत. त्याआधी, निघताना घराची किल्ली घरमालकिणीच्या हातात दिली तेव्हा तिनं विचारलं, कधी परतणार? मी बॅग उचलली.

दादा वाचला. फुप्फुसात भरलेलं पाणी मशीननं काढलं, आयसीयूतून तो बाहेर आला. मी समोर उभी राहिले तेव्हा त्यानं मला ओळखलं आणि तोंड फिरवलं. "कायले आली? सारं सोडून कायले आली?" एवढंच म्हणाला. नंतर कित्येक दिवस तो माझ्याशी बोलला नाही.

मी तपासण्यांच्या मागे लागले. रक्त जुळलं, पुढचंही जुळलं. कळंबहून आलेल्या पाहुण्यांनासुद्धा आई सांगायला लागली की बबी किडनी देऊन राह्यली. मग स्कॅनमध्ये दिसलं की माझी एक किडनी जन्मापासून लहान आहे, सगळं काम दुसरीच करते. डॉक्टरांनी समजावून सांगितलं, अगदी मायेनं सांगितलं. मी दवाखान्याबाहेर कडुनिंबाखाली बसले आणि मला हसू यायला लागलं. जी द्यायला सगळं सोडून आले ती माझ्याकडे देण्यासारखी नव्हतीच. तिकडचा अर्जही बंद झाल्याचा ई-मेल त्याच आठवड्यात आला.

तिकडे राहिलेल्या मैत्रिणी विचारतात, घरी आल्यावर बरं वाटतं ना? काय सांगू? रात्री कूलरच्या घरघरीत मला तिथल्या थंडीची आठवण येते. तिथं असताना मला घाटंजीची यायची. आईच्या हातचं जेवते, आणि तिकडच्या दुकानातलं रोजचं दही आठवतं. मी सोडून गेले ते घाटंजी आता नाही, हॉटेलाच्या जागी मोबाइलचं दुकान आहे. बाबा नाहीत. ज्या दादाकडे मी परत आले तो पळणारा दादाही नाही. आणि पुढं काय करायचं हे मला खरंच माहीत नाही. दादाची नोंदणी केली आहे, मृत दात्याची किडनी मिळायची वाट बघणाऱ्या लांबलचक रांगेत तोही उभा आहे. मी त्याला यवतमाळला नेते आणि आणते. वहिनीला शेताचं काम करता येतं, एवढाच माझा उपयोग.

फायनल झाली. आम्ही पाहिली नाही. त्यानं विचारलं नाही, मी विषय काढला नाही.

परवा वॉर्डमध्ये नवी नर्स होती. दादाच्या हाताला सुया लागल्या होत्या, डोळे मिटून तो पडला होता. मी स्टुलावर बसले होते. तिनं माझ्या बोलण्याकडे, कपड्यांकडे पाहून विचारलं, "तुम्ही कोन यांच्या?"

"बहीण."

"बाहेरगावच्या दिसता. कुठं राहता?"

मी तोंड उघडलं. ओहायो म्हणायचं की घाटंजी, मला खरंच सुचेना. नर्स वाट बघत होती.

दादानं डोळे उघडले नाहीत. सुया नसलेला हात त्यानं चाचपत माझ्या गुडघ्यावर ठेवला आणि म्हणाला, "इथंच रायते."