पिशवीतला नवरंग

मी सांगलीला जर्मन शिकवते. एका पावसाळ्यात जर्मनीहून आलेल्या एका निसर्ग-अभ्यासकाची दुभाषी म्हणून मी साताऱ्याकडच्या डोंगरांत हिंडले. साठी ओलांडलेला, उंच, कमी बोलणारा माणूस. उष्ण देशांतले पक्षी आणि झाडं गोळा करण्यात त्याचं आयुष्य गेलं होतं. पक्षी मारणं त्याने तरुणपणीच सोडलं. आता फक्त वनस्पती घ्यायचा, तेही वनखात्याच्या परवानगीने.

त्या दुपारी आम्ही एका देवराईपाशी होतो. देवळाच्या नव्या सभामंडपाला मोठमोठ्या काचा लावल्या होत्या. आमच्या डोळ्यांदेखत एक नवरंग पक्षी त्या काचेवर आपटला आणि पायरीवर पडला. अभ्यासकाने तो अलगद उचलून कापडी पिशवीत ठेवला.

"अंधारात शांत राहिला तर वाचेल," तो म्हणाला.

पिशवीचं तोंड आवळताना त्याला गावातल्या दोघांनी पाहिलं. बघता बघता माणसं जमली. पुढे होते देवस्थानचे कारभारी, फौजेतून निवृत्त झालेले.

"पिशवीत काय हाय?"

"पाखरू. काचेवर आपटलंय," मी म्हणाले.

"दावा."

मी जर्मनमध्ये सांगितलं. त्याने नकारार्थी मान हलवली. "आत्ता उघडली तर भीतीनेच मरेल. अर्धा तास जाऊ दे."

हे मराठीत सांगताना मलाच ती थाप वाटायला लागली.

"तवर मरतंय ते. मग म्हणायचं, आपटलं व्हतं," मागून कुणीतरी बोललं. एकाने आमच्या जीपची किल्ली काढून घेतली.

"आवं बाई, हितली वाळकी काडी आमी चुलीला नेत न्हाई," कारभारी म्हणाले. आवाज चढला नव्हता, त्याचीच मला जास्त भीती वाटली.

अभ्यासक पायरीवर बसला, पिशवी मांडीवर घेऊन. कारभारी त्याच्या शेजारी बसले. "बसू द्या. बगू."

कुणी हललं नाही. पिशवीही हलत नव्हती. आतलं पाखरू मेलं असेल तर यांना काय सांगायचं, हे मी मनात जुळवत होते आणि एकही वाक्य जमत नव्हतं.

मग आत नख्या खरवडल्याचा बारीक आवाज झाला. कारभाऱ्यांनी कान खाली नेला. "जित्तं हाय."

राईच्या कडेला त्याने पिशवी उघडली. नवरंग पाचोळ्यात क्षणभर उभा राहिला, दोन उड्या मारून झुडपात गेला.

किल्ली परत मिळाली. मी निघायच्या घाईत होते. कारभाऱ्यांनी जीपमधल्या, दोरीने बांधलेल्या फळ्यांकडे बोट केलं. त्या फळ्यांमध्ये कागदांत दाबलेली झाडं होती. "त्यात राईतलं काय हाय?"

मी विचारलं. राईच्या कडेची एक वेल होती. तिच्यासाठीच तो इतक्या लांब आला होता. परवानगीचा कागद दाखवू का, असं मी हळूच सुचवलं. तो नको म्हणाला. त्याने फळ्या सोडल्या, वेल काढली आणि झाडाच्या बुंध्याशी ठेवली.

घाट उतरल्यावर तो म्हणाला, "त्यांचं बरोबर होतं." थोड्या वेळाने पुन्हा म्हणाला, "पण ती वेल मला आता मिळायची नाही."

मिळाली नाहीच. तो आठवडाभर दुसऱ्या डोंगरांत शोधत राहिला, मग परत गेला.