औक्षणाचे हात

छत्रीबागेतले विजयराव पोटासाठी लग्नांचे व्हिडिओ काढत, पण नाव झालं ते दादासाहेबांमुळे. दादासाहेब गिरणी कामगारांचे पुढारी. सभा असो, मोर्चा असो, गणपतीची आरती असो, विजयराव कॅमेरा खांद्यावर टाकून त्यांच्या मागे. एकदा कॅमेरा गर्दीवर फिरला, तर दादासाहेबांनी चारचौघांत झापलं, "अरे भिया, लोक मला बघायला येतात. माझ्यावर ठेव तो." हे विजयरावांनी असं काही मनावर घेतलं, की पुढे आभाळ कोसळलं असतं तरी कॅमेरा दादासाहेबांच्या तोंडावरून ढळला नसता.

दादासाहेब मोहल्ल्यात आले की औक्षणाचा मान विजयरावांच्या बायकोचा, प्रमोदिनीचा. त्या दिवशी ती ठेवणीतली साडी काढायची.

गेल्या पौषात प्रमोदिनी गेली. घरात तिचे फोटो आहेत, पण फोटो हसत नाहीत, आणि ती तर घर दणाणून हसायची. ते हसू एकदा बघायचं, एवढंच विजयरावांना आता हवं होतं. त्यांचं कॅसेट चालवायचं मशीन कधीच भंगारात गेलेलं. दादासाहेबांवर माहितीपट करणारी शिवांगी जुन्या कॅसेटी मागायला आली, तेव्हा ते हरखलेच. "सगळ्या घेऊन जा बेटा, फक्त लावशील तेव्हा मला पण बसू दे."

अन्नपूर्णा भागातल्या तिच्या ऑफिसात कॅसेटी लागल्या. दादासाहेबांच्या कपाळाला कुंकू लागलं. लावणारं बोट दिसलं, हिरव्या बांगड्या दिसल्या, तबक दिसलं. चेहरा नाही. दुसरी लावली, पुन्हा बांगड्याच.

"काका, क्या काम किया है! फ्रेममध्ये दुसरं कोणी येतच नाही," शिवांगी मनापासून म्हणाली. विजयरावांच्या ते जिव्हारी लागलं.

शेवटच्या कॅसेटमध्ये ओवाळून झालं आणि प्रमोदिनी कॅमेऱ्याकडे वळली. अर्धा गाल दिसला, नथ दिसली, ओठ हलले, आणि कॅमेरा झटक्यात परत दादासाहेबांवर गेला. झटका देणारे हात विजयरावांचेच होते. पडद्यावर दादासाहेब, आणि बाजूने तिचा आवाज, "अहो, कधी तर इकडे पण बघा ना!" मग ते हसणं.

विजयरावांना रडू आवरेना. "बेटा, जरा मागे घे."

तिने घेतलं. पुन्हा तेच झालं. तिसऱ्या वेळी विजयराव खुर्चीतून उठले, पडद्याला गाल लावून उभे राहिले आणि आवाज आला त्या बाजूने, कडेच्या पलीकडे डोकावून बघू लागले.