अक्काच्या मशीनच्या चाव्या

हे मी आजवर कुणाजवळ बोललेलो नाही. गटात नाही, नाशिकला घरच्यांशी फोनवरही नाही. तुम्हाला सांगतोय — का, ते मलाही नीट कळलेलं नाही.

इथल्या एका गटासाठी मी पत्रकं लिहितो. विकत घेतलेलं मशीन आपलं असतं, एवढंच माझं भांडण. गेमचा कन्सोल घ्या. पैसे तुमचे, पण प्रत्येक गेमला कुलूप, आणि चाव्या मशीनच्या पोटात लपवलेल्या! उद्या कंपनीने कन्सोल बनवणं थांबवलं, तुमचं मशीन मेलं, की गेमही मेले? म्हणून इम्युलेटर — तोच कन्सोल कॉम्प्युटरवर उभा करणारा प्रोग्रॅम. त्याला या चाव्या लागतात. आमच्या पत्रकावर ठळक ओळ असते: चाव्या स्वतःच्या मशीनमधून काढा, कुणाच्या घेऊ नका, कुणाला देऊ नका. ती ओळ माझी.

आणि सुधाअक्का. तंजावरच्या मराठी घरातली, इथे तमिळ मुलखात अड्यारला कॉलेजात फिजिक्स शिकवते. पहिल्याच बैठकीत तिने पत्रक वाचलं आणि मला विचारलं, "सरी, तू तुझं मशीन उघडलास का रे, की नुसतं लिहितोस?" तिचं 'सरी' म्हणजे तमिळमधलं 'बरं'. सगळे हसले. मीही हसलो. उघडलं नव्हतं — बिघडेल ही भीती. अजूनही उघडलेलं नाही.

तिने उघडलं. दर रविवारी त्याच मशीनवर ती मस्कतच्या भावाशी ऑनलाइन टेनिस खेळायची. हा भाऊ फोनवर दोन वाक्यांच्या पुढे जात नसे. खेळताना मात्र चिडवायचा, भांडायचा, हसायचा. मशीन बिघडलं असतं तर? तरी ती थांबली नाही. पडद्यावर चाव्या उमटल्या, आकड्या-अक्षरांच्या लांबलचक ओळी, तेव्हा म्हणाली, "अय्यो, कुलूप किती सुंदर केलंय बघ! शिव्या मग दे." ज्याच्याशी भांडायचं त्याचं काम आधी नीट बघावं — हे मला कुठल्या पत्रकाने शिकवलं होतं?

तर — गिंडीच्या हॉलमध्ये आमचं प्रात्यक्षिक होतं. गटाच्या लॅपटॉपवर तिच्या चाव्यांची फाइल होती. मी तीच लावली, माझी म्हणून. टाळ्या पडल्या. नंतर नवी पोरं मागे लागली, आणि मोठेपणाच्या भरात मी ती त्यांना गुपचूप पाठवली. त्या फाइलमध्ये सगळ्या मशीनना लागणाऱ्या चाव्या होत्याच, शिवाय अक्काच्या एकटीच्या मशीनची ओळख सांगणाऱ्याही होत्या. फाइल उघडून पाहण्याचे कष्ट मी घेतले नाहीत.

कुणीतरी त्या ओळखीवर ऑनलाइन गेलं. एकच ओळख दोन ठिकाणी दिसली, आणि कंपनीने अक्काचं मशीन ऑनलाइन खेळातून कायमचं बाहेर काढलं. रविवार संपले.

पुढच्या बैठकीत ती उभी राहिली. लाजली नाही, रडली नाही. "माझ्याच हातनं फाइल कुठंतरी सुटली. तुम्ही सांभाळा." आपली चूक चारचौघांत इतक्या सरळ सांगणारं माणूस मी दुसरं पाहिलेलं नाही — आणि ती चूक तिची नव्हतीच. मी समोरच बसलो होतो.

एवढ्यावर थांबलो असतो तर? नाही थांबलो. नव्या पत्रकात ओळ घातली: आमच्या एका सदस्याच्या हलगर्जीपणामुळे तिचं मशीन कायमचं गेलं, तुमचं जाऊ देऊ नका. भीती होती, फाइल कुणी पसरवली हे कुणी शोधत बसलं तर? लिहिताना मला सगळं ठाऊक होतं.

माझं तमिळ रिक्षावाल्यापुरतं. पत्रकाचं तमिळ अक्का करते. त्या ओळीवर ती अडली. "हलगर्जीपणा म्हंजे काय रे?" मी सांगितलं. तिच्याच तोंडावर. "सरी. बरोबर आहे," म्हणाली, आणि माझ्याहून कडक शब्द घातला — लोकांनी धडा घ्यावा म्हणून.

ते पत्रक आम्ही अजून वाटतो. अड्यारच्या बस स्टँडवर अक्का स्वतः वाटते, आणि घेणाऱ्याला त्या ओळीवर बोट ठेवून दाखवते.