शालनताईंच्या बरण्या

मी शिकवते त्या शाळेत परिपाठ चालू असताना फोन वाजला. चिकलठाण्याहून, माझ्या नणंदेच्या शेजारी राहणाऱ्या देशमुखबाईंचा. शालनताई दार उघडत नाहीत, दुधाची पिशवी अजून कडीलाच लटकते आहे, असं त्या सांगत होत्या. आम्ही तसेच निघालो. रस्ताभर माझे यजमान भास्करराव, म्हणजे ताईंचे धाकटे भाऊ, एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होते, "झोपली असंल. रात्रीची जागायची खोडच हाय तिला." आम्ही पोचेपर्यंत लोकांनी दार उघडलं होतं. ताई स्वयंपाकघरात ओट्याजवळच्या खुर्चीत बसल्या होत्या, चष्मा नाकावर, मान जराशी कललेली. वरची ट्यूब जळतच होती. डॉक्टर म्हणाले, हृदय थांबलं, त्रास झाला नसेल... ओट्यावर काचेच्या मोठ्या बरण्या ओळीने मांडलेल्या होत्या, तोंडाला मलमल बांधलेली. देशमुखबाई मला बाजूला घेऊन हळूच म्हणाल्या, "बाकीचं सामान सावकाश न्या, पण हे आजच घेऊन जा. मला भीती वाटते यांची." मला राग आला. माणूस अजून घरात आहे आणि या बाई बरण्यांचं काय घेऊन बसल्यात, असं वाटलं. मग मी वाकून पाहिलं. आत चिरलेली भेंडी होती आणि मलमलीला आतून गव्हाच्या दाण्याएवढे, मातकट रंगाचे पतंग चिकटून बसले होते. एकही हलत नव्हता.

त्या बरण्यांबद्दल सांगायचं तर ताईंबद्दल सांगावं लागेल, आणि ताईंबद्दल सांगायचं तर किड्यांपासूनच सुरुवात करावी लागते. त्या शहरातल्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायच्या. लग्न केलं नाही. कोणी विचारलंच तर म्हणायच्या, "माझं घर भरलेलं आहे गं." माझ्या लग्नात त्या करवली म्हणून उभ्या होत्या आणि ऐन मंगलाष्टकांच्या वेळी त्यांनी मांडवाच्या बांबूवरून एक भुंगा उचलून काडेपेटीत बंद केला. सासूबाईंनी कपाळाला हात लावला. मी मात्र अंतरपाटाआडून ते बघितलं आणि ठरवून टाकलं, हिच्याशी आपलं जमणार. जमलंही. त्यांच्याकडे मुक्कामाला गेलं की एकच पथ्य असायचं, फ्रिजमधल्या भेंडीला हात लावायचा नाही. एकदा भास्कररावांनी भूक लागली म्हणून ती परतून खाल्ली, तर ताईंनी दोन दिवस त्यांच्याशी अबोला धरला. बरण्यांना बांधायची मलमल गुलमंडीतूनच लागायची. तिथला म्हातारा दुकानदार ती नातवंडांच्या दुपट्यांसाठी समजून विचारायचा, "बाई, नवासे के वास्ते लेते क्या?" ताई चेहऱ्यावरची रेषही न हलवता सांगायच्या, "हौ चाचा, बहुत हैं." बाहेर आल्यावर आम्ही दोघी हसून हसून बेजार व्हायचो.

आमच्या शिवारात बीटी कापूस आला तेव्हा सगळे खूश होते. झाडाच्या अंगातच अळी मारणारं विष, फवारणीची दगदग कमी. त्या बियाण्याच्या बॅगेसोबत बीटी नसलेल्या साध्या सरकीचं एक छोटं पाकीट यायचं. ते शेताच्या कडेने पेरायचं असा नियम होता आणि तो कोणीही पाळत नव्हतं. कोणी पाकीट बांधावर भिरकावून द्यायचं, कोणी बी उगवलं नाही तिथल्या नांग्या भरायला ते वापरायचं. अळी मारायला बी आणायचं आणि तिलाच कडेला पान वाढायचं, हे कोणाच्या गळी उतरणार होतं? त्या वर्षी भाऊबीजेला ताईंनी ओवाळून झाल्यावर भास्कररावांनी दिलेली साडी परत त्यांच्या मांडीवर ठेवली. म्हणाल्या, "ही नको. दरसाली कडंनं चार ओळी साध्या कापसाच्या पेर. तीच माझी ओवाळणी."

"म्हंजी तुझ्यासाठी आळ्या पाळू व्हय?" भास्कररावांनी विचारलं.

"पाळच," ताई म्हणाल्या. "बीटीचं विष पचवणारी एखादी आळी कुठंतरी निघतेच. बाकीच्या सगळ्या मेल्या, तर तिला जोडीदार कोण मिळणार? तिच्यासारखाच कोणीतरी. मग लेकरं सगळी तसलीच निपजणार. पण शेजारी साध्या कापसावर साध्या आळ्या जगत असल्या, तर तिची सोयरीक त्या घरात होईल. लेकरं मऊ निघतील, बीटी खाल्लं की मरतील. आळीला मऊ ठेवायचं असंल ना भास्कर, तर थोड्या आळ्या जगवाव्याच लागतात."

भास्कररावांना ते पटलं असं मी म्हणणार नाही. पण बहिणीने पदर पसरून मागितलं होतं. त्यांनी शब्द दिला आणि पाळला.

ओळी दरवर्षी उभ्या राहायच्या आणि दरवर्षी अळी त्यांच्यावर पहिल्यांदा ताव मारायची. आमच्या बांधाला बांध लागून नारायणदादांचं शेत. ते येता-जाता टोमणा मारायचे, "भास्करराव, बसली का पंगत?" आम्हीही हसून सोडून द्यायचो. पुढे काही वर्षांनी मात्र एका हंगामात फुलं नीट उमलेनात. पाकळ्या एकमेकींत गुंतून मिटलेल्या राहायच्या. डोमकळी म्हणतात तिला. आत अळी असली की फूल असं होतं. आधी एका शेतात, मग शेजारच्या, मग सगळ्या शिवारात. ताई शहरातून आल्या आणि या शेतातून त्या शेतात बोंडं फोडत फिरल्या. संध्याकाळी ओसरीवर येऊन बसल्या तेव्हा त्यांच्या बोटांना चीक लागला होता. मी चहा आणला, तो त्यांनी घेतला नाही. "रेखा, ही बीटीच्या बोंडात आहे," एवढंच म्हणाल्या. "आत बसून निवांत जेवतेय." मी त्यांना त्या दिवशी पहिल्यांदा घाबरलेलं पाहिलं.

दुसऱ्या दिवशी नारायणदादा चार माणसं घेऊन आले. भांडायला नव्हे, आवाजही चढवला नाही, आणि त्यामुळेच जास्त लागलं. "ताई, राग मानू नका," ते म्हणाले, "पर ही आळी तुमच्याच वळींतून पैदा झाली. इतकी वर्सं तुमीच पोसली तिला. सगळं गाव बोलतंय." ताईंनी पुन्हा समजावलं. चार ओळींनी काय होतं, सगळ्यांनी लावायच्या होत्या, तुम्ही पाकिटं फेकली म्हणून ही कडक झाली. माणसं मान डोलवत ऐकत राहिली आणि उठून गेली. पुढच्या साली बोंडं धरायच्या सुमाराला एका सकाळी आमच्या चारही ओळी मुळासकट उपटून बांधावर टाकलेल्या दिसल्या. कोणी केलं ते कोणी सांगितलं नाही. आम्हीही विचारलं नाही, त्याच गावात राहायचं होतं. ताईंना कळवलं तेव्हा वाटलं होतं, रडतील नाहीतर गावाला शिव्या तरी देतील. त्या आल्या, बांधावर बसल्या आणि उपटलेल्या झाडांवरची किडकी बोंडं एकेक करून पिशवीत भरू लागल्या. साध्या कापसावर वाढलेली ती मऊ अळी त्यांनी चिकलठाण्याला नेली. ओट्यावरच्या बरण्या तेव्हापासूनच्या.

हल्ली साधं बी बीटीच्या बॅगेतच मिसळून येतं, फेकायची सोयच ठेवलेली नाही. मी एकदा म्हटलं, "बघा ताई, तुमचं झालं ना शेवटी." त्या म्हणाल्या, "झालं, पण उशीर झाला. साध्या कापसावर यायला साध्या आळ्या उरल्यात कुठं? असल्या तर या माझ्या बरणीत." बरणीतल्या अळ्या कधीतरी शेतात सोडायच्या, बाहेरच्यांत मिसळू द्यायच्या, आणि बाहेरच्यांची पोरं पुन्हा मऊ होताना बघायची, एवढीच त्यांची इच्छा उरली होती. निवृत्त झाल्यावर तर त्यांना दुसरं काही सुचतच नव्हतं. पिढ्यामागून पिढ्या भेंडीवर वाढत होत्या, कोष होत होते, पतंग निघत होते.

शेवटची भेट गणपतीनंतरची. ताई उतरलेल्या दिसल्या. मला वाटलं, प्रकृती बरी नसेल. त्यांनी हाताला धरून मला ओट्याशी नेलं. एका बरणीत त्यांनी आमच्या शेतातून आणलेले पतंग आपल्या पतंगांसोबत ठेवले होते. एक टोळी या बाजूला, एक त्या बाजूला. "मिसळत नाहीत," ताई म्हणाल्या. "मी रात्री ही ट्यूब लावून बसते ना, त्यात यांची रात्रच सरकली. शेतातले जागे असतात तेव्हा हे झोपलेले, आणि हे जागे होतात तोवर बाहेर उजाडलेलं. दोन घरांच्या वेळा जुळेनात की येणंजाणं थांबतं, रेखा. मग सोयरीक थांबते. आणि मग एक दिवस ती एकमेकांना ओळखतही नाहीत. एका प्रजातीच्या दोन अशाच होतात. उभी नोकरी मी हे फळ्यावर शिकवलं, आता माझ्या ओट्यावर घडतंय."

"मग ट्यूब विझवा की," मी म्हटलं.

ताईंनी बरणीवरची मलमल नीट केली. मग म्हणाल्या, "अंधारात एकटीला लई भ्या वाटतं गं आजकाल." आयुष्य शहरात काढलेल्या ताईंच्या तोंडी गावची बोली आली की समजायचं, त्या मनातलं बोलताहेत. मी त्यांना म्हटलं, चला आमच्याकडे राहायला. म्हणाल्या, दिवाळीला येते.

दिवाळीला ताई नव्हत्या. बरण्या होत्या. त्या दिवशी चिकलठाण्याहून परत येताना त्या मी मांडीवर घेऊन बसले होते आणि भास्करराव एकदाही म्हणाले नाहीत की फेकून देऊ. आमचं घर शेतातच आहे. मी ताई करायच्या तसंच सगळं करत होते, भेंडी धुऊन, चिरून, शिळी काढून ताजी घालायची... पण माझ्या हाताला त्यांची सर नव्हती. एकेक बरणी बुरशी धरून संपली. शेवटी एकच जिवंत राहिली. तिच्याकडे बघताना मला ताईंची इतकी आठवण यायची की भाजी चिरता चिरता हात थांबायचा. आमच्याकडे संध्याकाळी लाईट जाते ती केव्हा येईल याचा भरवसा नसतो, त्यामुळे आम्ही लवकर जेवून निजतो. बरणीला रोज अंधार मिळत होता, हे तेव्हा माझ्या ध्यानातही आलं नाही.

ताई गेल्यामुळे या वर्षी घरात सण नव्हता, पहिल्या आंघोळीची घाई नव्हती, तरी नरकचतुर्दशीला सवयीने पहाटेच जाग आली. स्वयंपाकघरात गेले तर खिडकीच्या जाळीवर बाहेरून काहीतरी पसरलेलं दिसलं. बॅटरी लावली. पतंग होते. शेतातले, मातकट, जाळीला घट्ट चिकटलेले, आणि सगळ्यांची तोंडं आत, बरणीकडे. आत मलमलीखाली इतके दिवस दगडासारखे बसलेले ताईंचे पतंग थरथरत होते. वेळा जुळल्या होत्या. भास्करराव मागे येऊन उभे राहिले. त्यांनी बराच वेळ पाहिलं आणि म्हणाले, "ताईला हेच पायजे व्हतं. सोड." मी म्हटलं, मऊ अळी जगात उरली असेल तर ती एवढीच आहे, हिच्यात बाहेरचं कडकपण शिरलं तर? ते म्हणाले, "मग काय, बरणीतच म्हातारी करायची व्हय तिला?" मी मलमल सोडली आणि जाळीची कडी काढली. कोण बाहेर गेलं आणि कोण आत आलं, ते मला दिसलं नाही. उजाडल्यावर बरणीत थोडे पतंग होते. ते कोणाचे, हेही सांगता येत नव्हतं. मी पुन्हा मलमल बांधली.

आता भेंडीत नव्या अळ्या झाल्या आहेत. ताईंची परीक्षा मला ठाऊक होती, अळ्यांपुढे बीटीचं बोंड ठेवायचं. मऊ असतील तर खाऊन मरतील. भास्कररावांनी शेतातून हिरवी बोंडं आणली आणि आम्ही ती बरणीत ठेवली. रोज सकाळी मी बघायची, बोंडांना बारीक छिद्रं पडलेली दिसायची, आत काय चाललंय ते कळायचं नाही. आपण चारून वाढवलेलं मरावं म्हणून वाट बघायची वेळ माझ्यावर कधी आली नव्हती. देशमुखबाईंना वाटायची ती भीती आता मला वाटते.

परवा भास्कररावांनी विळ्याने एक बोंड फोडलं. आत अळी होती, लठ्ठ, गुलाबी. सरकी तिने अर्धी खाऊन संपवली होती. उजेड लागताच ती आणखी आत शिरली. भास्करराव बोंड तसंच तळहातावर धरून बसले. मग त्यांनी विचारलं, "दुसरं फोडू का?"

बरणीत अजून बोंडं आहेत. मी म्हटलं, आज नको...