पाटाची ऊब

माझी नात इथल्या मावला गावच्या तेलुगू शाळेत जाते. परवा घरात पाय टाकताच म्हणाली, "आजी, नवीन पाट शिकली मी. म्हणून दाखवू?" तेलुगूत पाट म्हणजे गाणं, हे मला ठाऊक आहे. तरी तो शब्द कानावर पडला की माझे हात गार पडतात.

माझ्या लहानपणी भीमपूरला आमच्या मळ्यात पाट म्हणजे वांग्यांना पाणी नेणारा चर. घरात पाट म्हणजे बसायची लाकडी फळी. बाप गेल्यावर वर्षभरानं माझी आजी, बापाची आई, एका सांजेला म्हणाली, "आज तुह्या मायचा पाट हाये." विधवेचं दुसरं लग्न म्हणजेही पाटच, हे मला तेव्हा कळलं.

पाटाच्या लग्नात कोणी गात नाही. मायला लाकडी पाटावर बसवून हिरव्या बांगड्या भरल्या. सगळ्या बाया खाली मान घालून होत्या.

"माय काऊन रडून राह्यली?" मी आजीला विचारलं.

"चूप राय. माय जाईन नव्या घरी. तू आमची हायस, तू इथंच राह्यशीन."

मायला घेऊन बैलबंडी वळणापलीकडे गेली. मी आत येऊन त्या पाटावर बसले. तो अजून उबदार होता. मी पदर पसरल्यासारखा माझा परकर त्यावर पसरला, ऊब जाऊ नये म्हणून.

"आजी, आवडली का पाट?" नातीनं विचारलं.

"आवडली. अजून एकदा म्हण."

ती मांडी घालून गात राहिली. माझा हात मात्र बाजूची रिकामी फरशी चाचपत होता.