चपला काखेत

"चपला काखेत धर. अगदी तुझ्या वडिलांसारख्या," सर म्हणाले आणि अख्खी तालीम हसली. मीही हसलो. ते आठवलं की आजही माझीच लाज वाटते.

सर अमरावतीच्या जुन्या वकील घराण्यातले. कॉलेजचं नाटक दरवर्षी सरच बसवत. माझा चेहरा पाहून, माझी बोली ऐकून पहिल्या वर्षी त्यांनी मला वकिलाच्या घरातला गडी केलं. दुसऱ्या वर्षीही गडीच. मला वाईट वाटत नव्हतं. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. स्टेजवर उभं राहायला मिळतं, एवढंच पुष्कळ वाटायचं.

सर चपलांचं ते बोलले, त्याच्या आदल्या दिवशी वडील चांदूर बाजारहून आले होते. आम्ही माळी. पिशवीत सरांसाठी वांगी, मेथी. तालमीच्या दाराशी त्यांनी चपला काढल्या आणि काखेत धरल्या. कचेरीच्या दारातून चपला चोरीला जातात, म्हणून त्यांची ती सवय. तसेच वाकून आत आले.

"साहेब, पोरगं बराबर करून राह्यलं ना?"

सरांनी वांगी ठेवून घेतली. दुसऱ्या दिवशी चपला नाटकात आल्या. वकिलाचं काम करणाऱ्या मुलाला एक नवं वाक्यही मिळालं: "काय रे, काखेत अंडी उबवतोस का?"

अमरावतीच्या प्रयोगात त्या वाक्यावर सगळ्यात मोठा हशा झाला. वडील मागच्या बाकावर होते. प्रयोग संपल्यावर मी त्यांना स्टँडवर सोडायला गेलो. एसटीत चढताना म्हणाले,

"मी असा दिसतो काय रे?"

मी त्यांची पिशवी वर दिली. गाडी गेली.

पंधरा दिवसांनी अकोल्याला स्पर्धा. गाडीत सगळे गात होते. मी खिडकीला डोकं टेकून होतो. काय करायचं ते ठरलं नव्हतं, खरं सांगतो. विंगेत उभा होतो तेव्हाही काखेत धरायला हात चपलांकडे गेला होता. मग मी त्या पायात घातल्या.

ताठ चालत वकिलाच्या दिवाणखान्यात गेलो. सतरंजीवर उभा राहिलो. समोरचा मुलगा गोंधळला. पाठ केलेलं वाक्य त्याच्या तोंडून निघालंच.

"काय रे, काखेत अंडी उबवतोस का?"

मी दोन्ही हात वर केले. काखा रिकाम्या दाखवल्या.

"चपला पायात हायेत, साहेब. पायासाठीच घेतल्या."

कोणी हसलं नाही. पुढचं सगळं मी लिहिल्याप्रमाणे केलं.

पडदा पडला तसे सर आले. "नाटक पाडलंस. काहून केलं असं?" शेवटचं वाक्य माझ्या बोलीत, मला वेडावत.

"सर, गड्याचा पार्ट द्या, करीन. माह्या बापाची नक्कल करनार नाही."

"मग पुढच्या वर्षी येऊ नकोस."

या वर्षीच्या यादीत माझं नाव नाही. यादी दोनदा वाचली. नाटकाशिवाय कॉलेजात मला ओळखतं कोण? संध्याकाळी खोलीवर आलो आणि प्राचार्यांना अर्ज लिहिला. एक नाटक मी बसवणार आहे. त्यात माळ्याचं घर आहे, आणि वकील त्या घराच्या दाराशी काम घेऊन येतो. माळी मी करणार. परवानगी मिळाली तर कॉलेजच्या स्टेजवर. नाही मिळाली तर चांदूरच्या बाजारात, भाजीच्या ओट्यावर. पण करणार.